पार्श्वसंगीताला किती माहीत असावं?

मंद्रसप्तक
चित्रपटसंगीत म्हटलं की बोलणं गाण्यांकडे वळतं. पार्श्वसंगीताच्या वाट्याला 'बॅकग्राउंड छान होतं' किंवा 'फार अंगावर येत होतं' एवढंच येतं. मी लघुपट आणि माहितीपटांचं पार्श्वसंगीत करतो. या कामातला जो टप्पा मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, त्यात एकही सूर वाजत नाही. त्याबद्दल लिहावं असं बरेच दिवस मनात होतं.

संकलन जवळपास पक्कं झालं की दिग्दर्शक, संकलक आणि संगीतकार एकत्र बसून अख्खा चित्रपट थांबत थांबत बघतात. याला स्पॉटिंग म्हणतात. संगीत कुठे सुरू होणार, कुठे थांबणार आणि का, हे तिथे ठरतं. संगीताच्या प्रत्येक तुकड्याला 'क्यू' म्हणतात. त्याला क्रमांक मिळतो, सुरुवात आणि शेवट फ्रेमपर्यंत नोंदवला जातो. हा सगळा कागदी भाग सोपा आहे. अवघड असतं ते 'का'.

'प्रसंग दुःखी आहे म्हणून' हे उत्तर मला पुरत नाही. दुःख अभिनयात आहे, प्रकाशात आहे, संवादात आहे. तेच संगीतानेही सांगितलं तर एकच गोष्ट चौथ्यांदा सांगितली जाते. म्हणून मी दर क्यूला एकच प्रश्न विचारतो: या क्षणी संगीताला किती माहीत आहे? पात्राला जेवढं कळलंय तेवढंच? प्रेक्षकाला कळलंय तेवढं? की दोघांनाही अजून न कळलेलं काही?

सगळ्यांच्या ओळखीचं उदाहरण घेऊ. 'जॉज' (१९७५) मध्ये जॉन विल्यम्स यांनी शार्कला दोन स्वरांची थीम दिली. त्या स्वरांची चर्चा खूप होते, पण मला त्यांच्या वापरातली शिस्त जास्त मोलाची वाटते. चित्रपटात दोन मुलं शार्कच्या पाठीवर असतो तसा पुठ्ठ्याचा खोटा पर लावून लोकांना घाबरवतात. पाण्यात गोंधळ उडतो, पण ती थीम वाजत नाही. संगीताला माहीत आहे की हा शार्क नाही. प्रेक्षक याचा विचार करत बसत नाही, पण नकळत शिकतो की थीम वाजली तरच शार्क. आणि एकदा हे पक्कं झालं की पुढे बोटीच्या मागे शार्क काहीही न वाजता अचानक वर येतो. आपण खुर्चीत दचकतो ते संगीताने या वेळी आपल्याला आधी सांगितलं नाही म्हणून.

दुसरं उदाहरण अगदी वेगळ्या जातीचं. 'पथेर पांचाली' (१९५५), संगीत पं. रविशंकर. बाप बऱ्याच काळाने घरी परततो. मुलगी गेल्याचं त्याला ठाऊक नाही. तो तिच्यासाठी आणलेली साडी बायकोच्या हातात देतो आणि तिचा बांध फुटतो. तिचं तोंड उघडलेलं दिसतं, पण हंबरडा ऐकू येत नाही. त्या जागी तारशहनाई हे गजाने वाजवायचं तंतुवाद्य वाजतं. इथे संगीत तिच्या दुःखाच्या मागे उभं नाही, ते तिचा आवाजच झालंय. नुसती रडण्याची ध्वनिफीत ठेवली असती तर ती एका बाईची झाली असती. वाद्य आल्यावर ती कुणाचीही होते.

हा प्रश्न बाकीच्यांना कसा वाटतो ते वाचायला आवडेल. संकलन, ध्वनी किंवा वादन करणारे कुणी असाल तर जरूर लिहा.

रीळ
मी संकलन करते. प्रश्न आवडला. पण स्पॉटिंगला बसेपर्यंत आमच्या टेबलावर संगीत आधीच वाजत असतं, ते तुमच्या लेखात आलं नाही. टेम्प ट्रॅक. मूळ संगीत अजून लिहिलेलं नसतं, म्हणून दुसऱ्या कुठल्या तरी चित्रपटाचं किंवा अल्बममधलं संगीत तात्पुरतं लावून आम्ही कापतो. संगीतकार मंडळी टेम्पच्या नावाने बोटं मोडतात. आमची बाजूही ऐका.

माणूस दारातून आत येऊन पलंगावर बसतो. हा शॉट सहा सेकंद ठेवायचा की नऊ? संगीत येणार असेल तर नऊ सेकंद पेलतात, नसेल तर सहाव्याला प्रेक्षक चुळबुळतो. मग संगीत गृहीत न धरता मी कापू कशी? शिवाय कच्चं संकलन निर्मात्यांना दाखवायचं असतं. कोरडं दाखवलं तर त्यांना चित्रपटच मंद वाटतो आणि नको तिथे कात्री लागते. टेम्पमुळे कितीतरी चांगले, लांब शॉट वाचले आहेत.

आणि दिग्दर्शकाला संगीताची परिभाषा येत असेलच असं नाही. 'थोडं कोरडं, पण निष्ठुर नको' हे तो शब्दांत कसं सांगणार? एक तुकडा ऐकवला की निदान बोलायला जागा मिळते.

मंद्रसप्तक
रीळ, लांब शॉट वाचतात हा मुद्दा मी या बाजूने कधी पाहिला नव्हता, आणि तो पटतो. बोलण्याचं साधन म्हणूनही टेम्प चालेल. माझी तक्रार त्यानंतर जे होतं त्याबद्दल आहे. दिग्दर्शक तोच तुकडा महिनोन्‌महिने त्याच दृश्यावर ऐकतो. मग तो तुकडा त्याच्यासाठी त्या दृश्याचाच भाग होतो. नवीन काहीही आणलं तरी ते परकं वाटतं. मग फर्मान येतं: 'असंच, पण वेगळं.'

आणि मूळ प्रश्नाकडे आलो तर टेम्पला जे माहीत असतं ते दुसऱ्याच चित्रपटातलं असतं. ते एखाद्या युद्धपटाच्या शेवटासाठी लिहिलेलं असेल तर त्यात तो सगळा शेवट साठलेला असतो. ते तुमच्या पलंगावर बसलेल्या माणसावर लावलं की त्याच्या आयुष्यात न घडलेलं काहीतरी मोठं घडल्यासारखं वाटतं. सगळ्यांना दृश्य 'उठावदार' वाटतं आणि त्या माणसाची खरी गोष्ट मागे पडते.

याचं टोक म्हणजे '२००१: अ स्पेस ओडिसी' (१९६८). ॲलेक्स नॉर्थ यांनी त्यासाठी संगीत लिहिलं, ते ध्वनिमुद्रितही झालं. पण स्टॅन्ली कुब्रिक यांनी तात्पुरत्या लावलेल्या अभिजात रचनाच कायम ठेवल्या.

रीळ
पण त्या उदाहरणात टेम्पच जिंकला आणि चित्रपट त्यामुळेच लोकांच्या लक्षात राहिला, असंही म्हणता येईल! अंतराळयान आणि योहान श्ट्राउसचा वॉल्ट्झ ही जोडी नव्याने संगीत लिहायला बसलेल्या कुणाला सुचली असती का?

मंद्रसप्तक
नसती सुचली, मान्य. त्या वॉल्ट्झला यानाबद्दल काहीच माहीत नाही आणि तीच तिथली गंमत आहे. पण तो निर्णय दिग्दर्शकाने डोळे उघडे ठेवून घेतला होता. सवय झाली म्हणून टेम्प टिकणं आणि हाच हवा म्हणून टिकणं यात मी फरक करतो.

उलट्या दिशेने काम केल्याची उदाहरणं मला जास्त ओढ लावतात. सर्जिओ लिओने यांच्या 'वन्स अपॉन अ टाइम इन द वेस्ट' (१९६८) साठी एन्यो मोरिकोने यांनी चित्रीकरणाआधीच थीम लिहिल्या आणि त्या सेटवर वाजवल्या जात. नट त्या लयीत चालले, कॅमेरा त्या लयीत फिरला. 'इंटरस्टेलर' (२०१४) च्या वेळी ख्रिस्तोफर नोलन यांनी हान्स झिमर यांना चित्रपटाची जातकुळीसुद्धा सांगितली नाही. बाप आणि मूल यांच्याबद्दलचा एक पानभर मजकूर दिला आणि त्यावर काय सुचतं ते लिहायला सांगितलं. झिमर यांनी एका दिवसात एक छोटी, खासगी रचना केली आणि सगळं संगीत त्या बीजातून वाढलं. म्हणजे त्या संगीताला अंतराळ माहीतच नव्हतं, माहीत होतं ते फक्त नातं. आपण कृष्णविवराकडे बघत असतानाही ऐकत असतो ते नातंच.

'जोकर' (२०१९) मध्ये हिल्डुर गुडनाडोटिर यांनी पटकथा वाचून आधी काही संगीत केलं होतं. ते सेटवर वाजवल्यावर स्वच्छतागृहातला तो संथ नाच जन्माला आला. चेलोचा सूर आधी आणि नटाची हालचाल नंतर.

तिहाई
मी तबला वाजवतो, त्यामुळे माझा प्रश्न हिशेबाचा आहे. दार आपटतं तेव्हा नेमका आघात येतो, पत्र उघडलं की नेमका नवा स्वर येतो. हे वाजवताना पडद्याकडे बघून जमवतात की आधी गणित केलेलं असतं? आमच्याकडे समेवर यायला वादक मोकळा असतो, वाटेत काहीही करू शकतो. इथे ती मोकळीक दिसत नाही.

मंद्रसप्तक
तिहाई, गणित असतं, आणि तुम्हाला ते लगेच कळेल.

चित्रपट सेकंदाला २४ फ्रेमने चालतो. समजा मी मिनिटाला ७२ मात्रांची लय धरली. म्हणजे एक मात्रा ०.८३ सेकंदांची, बरोबर २० फ्रेमची. क्यू सुरू झाल्यापासून २० व्या सेकंदाला दार बंद होतं आणि ३७.५ व्या सेकंदाला पत्र उघडलं जातं, असं धरू. २० सेकंदांत २४ मात्रा बसतात, म्हणजे चार मात्रांची सहा आवर्तनं. दार आपोआप समेवर आलं. तिथून पत्रापर्यंत १७.५ सेकंद, म्हणजे २१ मात्रा. चाराने भागल्यावर एक मात्रा उरते. मग मी चार आवर्तनं चाराची आणि एक पाचाचं करतो, किंवा तीन आवर्तनं चाराची आणि पुढची तीन तिनाची. पहिल्या पर्यायात लय एकदा श्वास लांबवते. दुसऱ्यात पाय हळूहळू निसटत गेल्यासारखं वाटतं. पत्रात काय आहे त्यावरून पर्याय निवडायचा. पत्र उघडणाऱ्याला आत काय असेल याची कुणकुण लागली असेल तर मी दुसरा घेईन.

आता रीळसारखं कुणीतरी मधले दोन सेकंद कापतं. (संकलन 'लॉक' झालं असं सांगितल्यावरही हे होतं.) उरतात १५.५ सेकंद, त्यात ७२ च्या लयीत १८.६ मात्रा. आता काय करायचं? लय किंचित चढवून ७३.५ च्या आसपास नेली की १९ मात्रा बसतात: चार आवर्तनं चाराची, एक तिनाचं. एवढा लयबदल प्रेक्षकाच्या कानाला जाणवत नाही. ध्वनिमुद्रणात वादकांच्या हेडफोनमध्ये मात्रांचे ठोके वाजत असतात, त्याला क्लिक ट्रॅक म्हणतात.

पण प्रत्येक हालचालीवर आघात देणं मी टाळतो. पाऊल पडलं की ठोका, मान वळली की सूर, हे व्यंगचित्रपटात शोभतं. गंभीर दृश्यात ते आलं की संगीताला हालचाल तेवढी दिसते, माणूस दिसत नाही. आघात किंचित उशिरा आला तर पुष्कळदा जास्त खरा वाटतो. दार बंद होतं, आत उभ्या माणसाच्या ते ध्यानात येतं आणि मग सूर लागतो. तेवढ्या अर्ध्या सेकंदात संगीत दाराकडून माणसाकडे येतं.

तिहाई
पाचाचं आवर्तन घालून श्वास लांबवण्याची कल्पना आवडली. पण क्लिकवर वाजवलेलं संगीत ताठ वाटत नाही का? एकट्या बासरीला किंवा सारंगीला ठोक्यांच्या पिंजऱ्यात का कोंडायचं?

मंद्रसप्तक
कोंडू नये. आलापीसारखी जागा असेल तर क्लिक बंद करून वादकाला पडद्यासमोर बसवावं आणि फक्त दोन-तीन वेळांच्या खुणा द्याव्यात: इथे थांब, इथपर्यंत पोच. तुमची समेवर यायची मोकळीक तिथे जशीच्या तशी मिळते. पन्नास वादक एकत्र असले की क्लिकला पर्याय कमी उरतात. तिथेही लय आखतानाच ती थोडी चढती-उतरती ठेवता येते.

ध्वनिरेखा
मी ध्वनिमिश्रण करते. संगीत शेवटी जिथे पोचतं त्या टोकाकडून लिहिते.

मिश्रणाच्या टेबलावर तीन गोष्टी एका जागेसाठी भांडतात: संवाद, बाकीचे आवाज आणि संगीत. संवाद हरता कामा नये. शब्द स्पष्ट कळण्यासाठी कानाला जे लागतं त्यातलं बरंचसं साधारण १००० ते ४००० हर्ट्झ या पट्ट्यात असतं. संगीतकाराने हळव्या संवादाखाली तिथेच ओबो किंवा व्हायोलिनची धून भरली की माझ्यापुढे एकच मार्ग उरतो, सगळं संगीत खाली ओढणं. मग इतक्या मेहनतीने केलेली रचना कुजबुजीसारखी राहते. तेच जर संवाद चालू असेपर्यंत खालच्या सप्तकात लांब सूर धरले आणि धून वाक्यांच्या मधल्या फटीत आणली, तर मला हात लावावा लागत नाही. जाणते संगीतकार संवादालाच एक वाद्य धरतात. नट खर्जात बोलत असेल तर चेलो दुसरीकडे नेतात.

दुसरी विनंती स्टेम्सची. तार, फुंकवाद्यं, ताल, सिंथ असं वेगवेगळं द्या, एकच मिसळलेली फाइल नको. गाडीचा हॉर्न आणि तुतारी एकाच क्षणी आली तर मला फक्त तुतारी खाली करता आली पाहिजे.

आणि मंद्रसप्तक, तुमच्या प्रश्नात मी एक भर घालते. 'संगीताला किती माहीत आहे' याच्या जोडीला 'हे सांगायला संगीतच लागतं का' हेही विचारा. आल्फ्रेड हिचकॉक यांच्या 'द बर्ड्स' (१९६३) मध्ये नेहमीच्या अर्थाचं पार्श्वसंगीत नाही. पक्ष्यांचे इलेक्ट्रॉनिक पद्धतीने घडवलेले आवाज आहेत, आणि ध्वनिसल्लागार म्हणून नाव आहे ते संगीतकार बर्नार्ड हरमन यांचं. चित्रपटात संगीत नको, याच्या विचारातही संगीतकार होता.

मंद्रसप्तक
ध्वनिरेखा, मनापासून आभार. स्पॉटिंगलाच ध्वनिआरेखन करणारी, म्हणजे चित्रपटातले बाकीचे आवाज घडवणारी व्यक्ती हजर असावी असं मला ठाम वाटतं. पुष्कळदा वाऱ्याचा आवाज आणि माझा धरलेला सूर एकच काम करत असतात. तिथे वारा ठेवावा. 'चर्नोबिल' (२०१९) या मालिकेचं संगीत करताना हिल्डुर गुडनाडोटिर यांनी लिथुआनियातल्या बंद झालेल्या अणुऊर्जा केंद्रात आवाज टिपले आणि त्यांतूनच संगीत घडवलं. तिथे इमारत आणि संगीत वेगळं काढताच येत नाही. किरणोत्सर्ग दिसत नाही, त्याला वास नाही. तो तिथे आहे हे पडद्यावरच्या माणसांच्या आधी त्या गुणगुणणाऱ्या भिंतींना माहीत असतं.

सांजवारा
मी फक्त प्रेक्षक आहे, तरी विरोधी सूर लावते. मला पार्श्वसंगीत बहुतेक वेळा नकोसं होतं. इथे रडा, इथे घाबरा, असं कुणी बाजूला बसून सांगत राहिलं तर माझं मला काही वाटायची सोय राहत नाही. तुम्ही कितीही विचारपूर्वक केलंत तरी शेवटी ते माझ्या भावनांना दिशा देणंच आहे. नट चांगला असेल तर त्याचं काय अडतं?

मंद्रसप्तक
सांजवारा, तुमचा आक्षेप रास्त आहे आणि मी तो पूर्ण खोडू शकत नाही. दिशा दिली जातेच. पण कॅमेरा कुठे ठेवला, शॉट किती वेळ टिकवला, यानेही ती दिली जाते. संगीताचं वेगळेपण असं की ते डोळे मिटूनही टाळता येत नाही, म्हणून त्याची जबाबदारी जास्त.

नट काय सांगू शकत नाही, याचं एक उत्तर 'सायको' (१९६०) मध्ये आहे. त्यातली एक बाई पैसे घेऊन पळालीय आणि गाडी चालवतेय. पडद्यावर काय दिसतं? स्टिअरिंग धरलेली बाई आणि रस्ता. ती काहीच करत नाही. बर्नार्ड हरमन यांची तंतुवाद्यं तिच्या डोक्यातला घोर वाजवत राहतात आणि गाडी चालवणं हाच थरार होतो. अख्ख्या चित्रपटात फक्त तंतुवाद्यं आहेत. स्नानगृहातल्या खुनाच्या प्रसंगाला संगीत नको, असं हिचकॉक यांचं आधी मत होतं. हरमन यांनी तरी ते लिहिलं, आणि ऐकल्यावर हिचकॉक यांनी मत बदललं.

सांजवारा
गाडीचा प्रसंग आठवला आणि तेवढ्यापुरतं पटलं. तरी माझी पसंती सांगते: 'इथे काहीच नको' असं संगीतकाराने दिग्दर्शकाला जास्त वेळा सांगावं. पण ज्याला संगीतासाठीच बोलावलंय तो तसं म्हणेल का?

मंद्रसप्तक
चांगला असेल तर म्हणतो. स्पॉटिंगच्या कागदावर क्यू खोडणं हेही आमच्याच कामात येतं. त्यात कारागिरीचा स्वार्थही आहे. आधीची चार मिनिटं शांत असतील तर पाचव्या मिनिटाला एकटं क्लॅरिनेट पुरतं. तीच चार मिनिटं भरलेली असतील तर साठ वादकही कमी पडतात.

नवाकोरा
मी शिकतोय, घरी संगणकावर रचना करतो. ऑर्केस्ट्राच्या ध्वनी-लायब्ररी आहेत, पण सुरुवात कुठून करावी कळत नाही. बऱ्याच ठिकाणी प्रसिद्ध दृश्यावर आपलं संगीत लावून बघा असं सांगतात. ते करावं का? आणि क्यू सुरू कसा करायचा ते थोडंफार जमतं, संपवायचा कसा हे अजिबात जमत नाही. शेवटी सगळं हळूहळू विरवून टाकतो.

रीळ
प्रसिद्ध दृश्य नको, असं मी संकलक म्हणून सांगेन. ते आधीच्या संगीतासकट कापलेलं असतं, त्याची लय तुझ्या डोक्यात बसलेली असते. एखादा विद्यार्थी-दिग्दर्शक गाठ, त्याचं कच्चं संकलन माग. आणि त्यातला टेम्प काढून द्यायला सांग. (मंद्रसप्तक, हे तुमच्यासाठी!)

ध्वनिरेखा
लायब्ररीतले आवाज एकेकटे ऐकायला भरदार असतात आणि एकत्र आले की चिखल होतो. आधी तीन वाद्यांत लिही.

मंद्रसप्तक
दोघींशी सहमत. शेवटाबद्दल थोडं सविस्तर लिहितो, कारण अडचण बहुतेकांना इथेच येते.

विरवून टाकणं म्हणजे संगीताने 'माझं काम संपलं' असं प्रेक्षकाला सांगत बाहेर पडणं. कधी कधी तेच हवं असतं. पण संगीत निघून गेलेलं कळूच नये असं असेल तर त्याला कशाच्या तरी आड जाऊ द्यायचं. रेल्वे येते, नळ सुटतो, गर्दीचा दृश्यबदल होतो, त्या आवाजाखाली शेवटचा सूर सोडायचा. ध्वनिआरेखन करणाऱ्याला आधी विचारायचं की त्या क्षणी तिथे काय वाजणार आहे.

दुसरा प्रकार तोडण्याचा. सूर चढत जातो आणि महत्त्वाच्या वाक्याच्या किंचित आधी थांबतो. वाक्य शांततेत पडतं. इथे प्रतिध्वनीची शेपूट किती ठेवायची ते मिश्रणात ठरवावं लागतं. एक सेकंद जास्त राहिली तर वाक्याचा पहिला शब्द तिच्यात बुडतो.

तिसरा मला सगळ्यात प्रिय आहे आणि सगळ्यात कमी वापरला जातो: रचना 'सा'वर न आणता अर्धवट सोडायची आणि पुढे कितीतरी वेळाने, दुसऱ्याच दृश्यात, तिथूनच उचलायची. मधल्या काळात काहीतरी अपुरं राहिलंय असं प्रेक्षकाला वाटत राहतं, पण काय ते सांगता येत नाही. त्यासाठी सगळे क्यू एकामागोमाग ऐकावे लागतात, मधला चित्रपट वगळून. लायब्ररी बाजूला ठेव, तुझे आतापर्यंतचे तुकडे ओळीने लाव आणि प्रत्येकाचा शेवटचा स्वर कागदावर लिही. सगळे 'सा' आले तर त्यातले दोन बदलून बघ आणि कुठले बदललेस, का बदललेस, ते इथे लिही.

नवाकोरा
लावून बघितले. सगळे 'सा'च आहेत, आणि दोन तर एकाच वाद्यावर. प्रवासाच्या क्यूचा शेवट रिषभावर सोडतोय, कारण ती मुलगी पोचलीय की नाही हे तिथे अजून कुणालाच माहीत नाही. दुसरा कुठला ते ठरत नाहीये, उद्या दिग्दर्शक मैत्रिणीला विचारून लिहितो.